भिंतीवरची लाल रेघ

लंडनच्या त्या नाटक कंपनीत दर महिन्याला मुलांची उंची मोजतात. भिंतीवर लाल रेघ आहे. डोकं तिच्यावर गेलं की भूमिका गेली. माझी सई तिथे धाकट्या राजकन्येचं काम करायची. त्या दिवशी ती रेघेखाली उभी राहिली, तेव्हा फ्रॉकआड तिचे गुडघे वाकलेले मला दिसले. मी नजर दुसरीकडे वळवली. कापड मोजण्यात माझं आयुष्य गेलंय, माप कसं मारतात ते मला कळतं.

"गुडघे सरळ कर, बाळ," मोजणाऱ्या बाई म्हणाल्या.

डोकं रेघेच्या अर्धं बोट वर गेलं.

"अर्ध्या बोटानं काय आभाळ कोसळतंय?" मी भडकलो. "केस चापून बसवा, पातळ तळव्याचे बूट द्या!"

"बाबा, पुरे. इथे घासाघीस चालत नाही."

त्या बाईंवरचा माझा राग अजून गेलेला नाही. लहानपणी गावी आई दाराच्या चौकटीवर माझ्या उंचीची खूण करायची आणि खूण वर सरकली की हातावर गूळ ठेवायची. इथे वाढलं की घरी पाठवतात.

बाहेर पडल्यावर सई रडेल असं मला वाटलं होतं. पण कित्येक आठवडे पोक काढून वावरलेली ती आता ताठ चालत होती, आणि तिचं डोकं माझ्या खांद्याला लागत होतं.

"घरी गूळ आहे का गं?" मी विचारलं.