पाणी सुकेपर्यंत थांबणारे अप्पा

आदरणीय शिवलिंगअप्पांची आणि माझी पहिली भेट भांडणाने झाली, हे आधीच सांगून टाकतो. त्यांच्या अमृतमहोत्सवाच्या अंकात असे काही लिहू नये, असे गौरव समितीतल्या एकदोघांचे म्हणणे पडले. पण ज्याने अप्पांच्या यार्डात अठरा वर्षे काढली त्याने गुळगुळीत खोटे लिहिले, तर अप्पा त्या कागदावरही बादलीभर पाणी ओतून बघतील.

मी मूळचा दिंद्रुडचा, फरशी बसवणारा मिस्त्री. गावातल्या एका दुकानदाराच्या घरी स्वयंपाकाचा ओटा करायचा होता, म्हणून काळा ग्रॅनाइट घ्यायला केजला आलो होतो. अंबाजोगाई रस्त्याला अप्पांचे यार्ड आहे. तिथे ओळीने उभ्या केलेल्या लाद्यांतून मी एक चकचकीत लादी निवडली आणि टेम्पोवाल्याला हाक मारली. अप्पांनी मात्र तिच्यावर पाणी ओतले आणि खुर्चीवर जाऊन बसले.

"बांधा की अप्पा, टेम्पो उभा हाय," मी म्हणालो.

"कावून घाई करतूस? पानी सुकू दे."

पंधरा-वीस मिनिटांत सगळी लादी सुकली. कोपऱ्यापासून वीतभर आत गेलेली एक ओली रेघ तेवढी राहिली, केसाएवढी बारीक. अप्पांनी तिच्यावर बोट ठेवले. "ह्यो तडा हाय. आज दिसत न्हाई. बाई ओट्यावर खलबत्ता आपटंल त्या दिवशी दिसंल."

मला घाई होती. मी म्हणालो, गिऱ्हाईक माझे आहे, जबाबदारी माझी, तुम्ही फक्त द्या. अप्पा म्हणाले, "न्हाई." मी म्हणालो, विकायलाच ठेवलीय ना? "ठेवली व्हती. आता न्हाई." आणि उठून त्यांनी त्या रेघेवर हातोडीचे ठोके घातले. माझ्या डोळ्यांदेखत लादीचे दोन तुकडे झाले. मी रागारागाने रिकामा टेम्पो घेऊन परत गेलो. आठ दिवसांनी मात्र त्याच यार्डात काम मागायला येऊन उभा राहिलो. आपला माल स्वतःच्या हाताने फोडणारा दुकानदार मी तोवर पाहिला नव्हता.

समितीने सांगितले आहे की प्रत्येक लेखकाने अप्पांचे तीन तरी गुण लिहावेत. मला एकच ठाऊक आहे. अप्पा 'न्हाई' म्हणतात, आणि एकदा म्हणाले की ते परत घेत नाहीत. बाकीचे गुण इतर मान्यवर लिहितीलच.

अप्पांचे शिक्षण सातवीपर्यंतचे. पण ग्रॅनाइट जगात कुठून निघतो आणि कुठे जातो, हे त्यांच्याकडून ऐकावे. आपल्या खालच्या अंगाला, कर्नाटकात, आंध्रात, तेलंगणात डोंगर कापून खोलीएवढे ठोकळे काढतात. त्यांतले चांगले बंदरावर जातात. काही चीनमध्ये जाऊन तिथे कापले जातात, आणि कुणाच्या तरी देशात कबरीवरचा दगड, बँकेची पायरी नाहीतर स्वयंपाकघराचा ओटा होतात. तिकडे घरे बांधणे मंदावले की इकडच्या खाणीत ठोकळे पडून राहतात आणि मग तो माल आपल्याकडे वळतो. "तिकडल्या बाईनं ओटा करायचं लांबणीवर टाकलं, की केजच्या बाईला चांगली लादी गावती," असे अप्पा सांगत. एका गिऱ्हाइकाने ऐटीत विचारले, माल एक्स्पोर्टचा आहे ना? दुसरा दुकानदार हो म्हणून मोकळा झाला असता. अप्पा म्हणाले, "एक्स्पोर्टचा असता तर केजला कशाला आला असता बे? दुय्यम हाय. पर दुय्यमात एक नंबर हाय." गिऱ्हाईक हसले आणि लादी घेऊन गेले.

करड्या दगडाला रंग चोळून काळा म्हणून विकण्याची चाल आमच्या धंद्यात आहे. अप्पांच्या यार्डात थिनरची बाटली आणि पांढरे फडके गिऱ्हाइकाच्याच हातात देत. त्याने पुसायचे आणि फडके काळे झाले तर निघून जायचे. मी होतो तोवर ते फडके पांढरेच राहिले.

आता माझी फजिती सांगतो, कारण ती सांगणे हा यार्डाचा नियमच आहे. पॉलिशच्या बाजूला ओरखडा येऊ नये म्हणून आम्ही कधी कधी लादी पालथी घालून मागून आखणी करतो. पालथ्या लादीवर डावे ते उजवे होते. मिस्त्रीचे लक्ष जरा ढळले की सिंकचे भोक नेमके दुसऱ्या टोकाला जाते. एका शिक्षकांच्या घरी मी हेच केले. भांडी धुवायची ती खिडकीपाशी, आणि माझे भोक गॅसच्या नळीजवळ. शिक्षकांच्या पत्नी कमरेवर हात ठेवून त्या भोकाकडे बघत राहिल्या. मला जमीन दुभंगून पोटात घेईल तर बरे असे झाले.

दुसऱ्या दिवशी अप्पा स्वतः माझ्याबरोबर त्या घरी आले. हात जोडून म्हणाले, "ताई, चूक आमच्या यार्डाची हाय. चार दिवस द्या, दुसरा वटा बसवून देतो." माझे नावसुद्धा घेतले नाही. परतीच्या वाटेवर, जीपमध्ये दाटीवाटीने बसलेले असताना, मी कबुली द्यायला तोंड उघडले तर म्हणाले, "गप बस. भूक लागली का?"

पण अप्पांनी ते सोडून दिले, असे समजू नका. ती चुकलेली लादी त्यांनी यार्डातल्या लिंबाखाली विटांच्या दोन खांबांवर बसवून घेतली आणि सिंकच्या भोकात पाण्याचा माठ ठेवला. तेव्हापासून सगळ्यांचा चहा तिथेच होतो. नवा माणूस कामावर आला की त्याला त्या भोकाची गोष्ट मीच सांगायची, असा हुकूम आहे. आजवर कितीदा सांगितली त्याची गणती नाही. ऐकलेल्या कुणाच्याही हातून तशी चूक मात्र झालेली नाही.

मग ते पावसाने पाठ फिरवलेले वर्ष आले. ग्रॅनाइट कापायला पाणी लागते. पाते फिरते तेव्हा त्यावर धार सोडावी लागते, नाहीतर पांढऱ्या धुराळ्याचे ढग उठतात. यार्डाची बोअर आटली. प्यायचे पाणी टँकरने येत होते. अप्पांनी सगळ्यांना लिंबाखाली बोलावले आणि म्हणाले, "लोकाच्या तोंडचं पानी दगडाला घालायचं न्हाई. आन कोरडा दगड बी कापायचा न्हाई." मशीन बंद झाले. रस्त्यापलीकडच्या दुकानात कोरडेच कापत होते, त्यांचे काम दुप्पट झाले. आमची गिऱ्हाइके आमच्या दारावरून तिकडे जाताना आम्ही बघत बसायचो.

तीन आठवडे मी बसून काढले. मग नारायणगडाच्या वाटेवरच्या एका गावात सभामंडपाच्या पायऱ्या आणि उंबरे करायचे काम परस्पर धरले. यात्रेच्या आत पुरे करायचे होते. तोंडाला उपरणे बांधून दोन दिवस हातकटरने कोरडे कापले. उरलेली हत्यारे न्यायला यार्डात आलो, तेव्हा माझ्या भुवया, पापण्या, कान सगळे पांढरे होते. गिरणीवाला दिसावा तसा दिसत होतो.

"कुटं गेलतास?" अप्पांनी विचारले.

"पायऱ्या कापाया."

"पानी?"

"तितं प्यायला न्हाई अप्पा, कापायला कुटलं?"

अप्पा ओरडतील अशी माझी खात्री होती. ते आत गेले आणि कपाटातून एक मोठे पाकीट घेऊन आले. त्यातला छातीचा फोटो त्यांनी आभाळाकडे धरला. बरगड्यांच्या आत जिथे काळे दिसायला हवे, तिथे पांढरे ठिपके होते.

"कुनाची छाती हाय ही?"

मी पुढे होऊन ते ठिपके बघू लागलो.

"माजी हाय."

तेव्हा पहिल्यांदा कळले की तरुणपणी आठ वर्षे अप्पा दक्षिणेत दगड कापायच्या शेडमध्ये कामाला होते. इराप्पा नावाचा जोडीदार त्यांच्या समोरच्या दगड कापायच्या चाकावर बसत असे. दोघांच्या तोंडाला फडके, आणि पाण्याचे नाव नाही. इराप्पाने चाळिशी पाहिली नाही. "त्येला दगडानं न्हाई मारलं, धुराळ्यानं मारलं. श्वास घ्याया उटून बसायचा, तसाच बसल्या बसल्या गेला. डाक्टर म्हनले, ह्यो धुराळा आत गेला की भायेर येत न्हाई. मी तवाच ठरीवलं, आपल्या शेडात असं कुनाचं व्हऊ द्यायचं न्हाई."

मला लाज वाटली, आणि खरे सांगतो, रागही आला. मी म्हणालो, "मग करायचं काय? पानी न्हाई, कोरडं चालत न्हाई. लेकरं घिऊन घरी बसू?"

"न्हाई," अप्पा म्हणाले. "खड्डा खंदू."

आज पंचाहत्तरीत असलेल्या या गृहस्थांनी, तेव्हा ते पन्नाशीच्या पुढे होते, दुसऱ्या दिवसापासून स्वतः कुदळ धरली. एकाशेजारी एक असे तीन हौद खणले. मशीनचे गढूळ पाणी पहिल्यात पडावे, गाळ तिथे बसावा, मग ते दुसऱ्यात आणि तिसऱ्यात निवळत जावे आणि मोटरने परत पात्यावर यावे, असा बेत. पहिला हौद गळाला. पुन्हा बांधला, पुन्हा गळाला. तिसऱ्या वेळी यार्डात पडलेले लाद्यांचे तुकडे आतून बसवले, तेव्हा पाणी थांबले. एका पडक्या विहिरीत तोंडात धरवणार नाही असे खारे पाणी होते, ते आणून हौद भरले. येणारे जाणारे विचारत, "काय अप्पा, आता चिखल विकता का?" अप्पा म्हणत, "हां, घ्या की पायलीभर." दोन महिन्यांनी मशीन सुरू झाले, आणि तेच पाणी फिरून फिरून पावसाळ्यापर्यंत पुरले.

नियम मात्र आणखी कडक झाले. बाहेरच्या कामावर एकट्याने जायचे नाही. एकाने कापायचे, दुसऱ्याने कॅनमधून धार सोडायची. हल्ली लोक कारखान्यात घडवलेल्या दगडाचा ओटा मागतात. दिसतो देखणा, पण त्याचा धुराळा ग्रॅनाइटहून वाईट. एका देशाने तर तो दगड वापरायलाच बंदी घातली, असे अप्पांनी पेपरात वाचून आम्हाला दाखवले. अलीकडेच एका बांधकामवाल्याने अख्ख्या इमारतीचे ओटे देऊ केले, अट एवढीच की जागेवर, झटपट, कोरडे कापायचे. उत्तर काय मिळाले ते वाचकांनी ओळखलेच असेल.

आमच्याकडे खंडेनवमीला हत्यारांची पूजा होते. अप्पांनी त्याच्या आदल्या दिवसाची एक रीत पाडली. त्या दिवशी सगळ्यांनी जीपने अंबाजोगाईला जायचे आणि दवाखान्यात छातीचा फोटो काढून यायचे. "हत्यार पुजायच्या आदी हत्यार धरनारा बगा," असे त्यांचे म्हणणे. पूजेच्या वेळी कटर, पाती, गुण्या यांच्याशेजारी आमच्या फोटोंची पाकिटे मांडतात आणि त्यांनाही हळदकुंकू लागते. बाहेरचा माणूस बघून हसतो. आम्ही हसत नाही.

मी दिंद्रुडला स्वतःचे दुकान काढले, तेव्हा उद्घाटनाला अप्पा हार न आणता पाण्याची मोटर घेऊन आले. स्वतः जोडून, धार पडते का ते बघून मगच पेढा खाल्ला. दुकान माझे झाले तरी नव्या माणसाला भोकाची गोष्ट सांगायला अजून मलाच बोलावतात, आणि खंडेनवमीच्या आदल्या दिवशी त्या जीपमध्ये माझी जागा असते.

यंदाचे सांगतो आणि थांबतो. यंदा आम्ही नऊ जण होतो, दहावे अप्पा. फोटोची खोली दवाखान्यात वरच्या मजल्यावर आहे. अप्पा पुढे, आम्ही मागे. सहाव्या पायरीवर अप्पा थांबले. कठडा धरला, आणि त्यांच्या छातीतून येणारा आवाज आम्हाला ऐकू आला. कुणी "काय झालं" म्हणाले नाही. त्यांना ते आवडत नाही. एकजण वाकून चप्पल नीट करू लागला, एकजण भिंतीवरची पाटी वाचू लागला, मी उगीच पायरीचा दगड कुठला आहे ते बघू लागलो. बाजूला मोकळी जागा होती, पण कुणी पुढे गेले नाही. अप्पांनी मागे वळून पाहिले, सगळे ओळखले आणि तुटक आवाजात म्हणाले, "जा की रं म्होरं. कावून थांबलाव?"

नऊ जणांचे फोटो स्वच्छ आले. अप्पांनी आपले पाकीट कुणाला दाखवले नाही, काखेत धरून जीपमध्ये बसले. पण आमची नऊ पाकिटे त्यांनी वाटेत पुन्हा पुन्हा काचेवर धरून पाहिली.

अप्पा, तुमच्या प्रश्नाला त्या दिवशी मला उत्तर देता आले नाही, म्हणून ते या अंकात देतो. आमच्या छातीत धुराळा नाही तो तुमच्यामुळे, तेव्हा थांबायला आमच्याकडे श्वास पुष्कळ आहे. परमेश्वराकडे मागणे एवढेच आहे की पुढच्या खंडेनवमीला, त्याच्या पुढच्या, आणि त्याच्याही पुढच्या कितीतरी, तुम्ही आमच्यापुढे तो जिना चढावा. सहाव्या पायरीवर थांबा, चौथ्या पायरीवर थांबा, वाटले तर प्रत्येक पायरीवर थांबा. आम्ही मागे उभे आहोत. आम्हाला घाई नाही.