फ्रेंच फादरचं जेवण

अन्याय गंगूवर झाला. सन सेहेचाळीस, पोळ्याचा दिवस, दुपारी बारा ते दोन. कोणावर आणि केव्हा, हे पहिल्याच ओळीत सांगावं, ही शिकवण फ्रेंच फादरचीच. निजामशाहीविरुद्ध पत्रकं लिहिताना ती कामी येते. आज त्यांच्यावरच वापरतो.

परतूरजवळच्या आमच्या गावात फादर वीस वर्षं राहिले. रोज दुपारी दोन तास जेवायचे. टेबलावर पांढरी चादर, ताटात ज्वारीची भाकरी, आणि ती काट्या-सुरीनं कापून खाणार. मराठी त्यांनी स्वयंपाकी भीमाकडून उचलली होती. म्हणायचे, "अमेरिकन माणूस उभ्या उभ्या डब्यातलं खातो. मंग बोलतो बी डब्यासारखा. आमच्या मुलुखात जेवताना बादशहालाही बाहेर बसवतात." आम्ही हसायचो.

माणूस वाईट म्हणवत नाही. गाव ज्यांना शिवत नव्हतं, त्यांचे खरजेचे पाय त्यांनी स्वतः धुतले. मला शिकवलं, आपल्या शाळेत मास्तर केलं. पण शेजारच्या अमेरिकन मिशनचा त्यांना तिटकारा. फादरच्या चिठ्ठीशिवाय त्या दारात पाय टाकला किंवा तिथलं माणूस घरी बोलावलं तर नोकरी आणि घर दोन्ही गेलं, हा त्यांचा नियम.

गंगू भीमाची बायको. फादरच्या भाकरी तीच थापायची. त्या दिवशी तिचं मूल आडवं आलं. अमेरिकन डॉक्टरीणबाई देवी टोचायला गावात आल्या होत्या. मोटर चावडीपुढं उभी. भीमा टेबलापाशी आला.

"फादर, गंगू तडफडून राह्यली. चिठ्ठी द्या, जल्दी."

"मी जेवून राह्यलो, भीमा. घाई हा अमेरिकन रोग हाये."

"वेळ न्हाई, फादर."

"मंग पेरू काप. बारीक."

भीमानं पेरू कापला. मी व्हरांड्यात वह्या तपासत होतो. मीही उठलो नाही. दीडला मोटर निघून गेली. दोनला फादरनी तोंड पुसलं आणि वळणदार अक्षरात चिठ्ठी लिहिली. दिवेलागणीला गंगू गेली, मूल पोटातच.

इतकं सावकाश, इतकं देखणं दफन गावानं पाहिलं नव्हतं. दुसऱ्या दिवशी बाराला टेबलावर चादर होतीच. भाकरी भीमानं थापली होती. फादर म्हणाले, "जाड झाली."

यंदा फादर वारले. तुम्ही गावकरी त्यांच्या नावाचा दगड उभारताय. उभारा, मीही खांदा देईन. पण त्यावर पहिलं नाव गंगूचं कोरा, आणि खाली वेळ: बारा ते दोन. ते जमत नसेल तर दगड खाणीतच राहू द्या.