बाईंना वाचून दाखवताना

लग्नानंतर मी अमेरिकेत, पिस्कॅटवेला आले, ती डिपेंडंट व्हिसावर. नागपूरला इंग्रजीत एम.ए. केलं होतं, एक वर्ष कॉलेजात शिकवलंही होतं; पण इथे नोकरी करायची परवानगी नव्हती. नवरा सकाळी आठला ऑफिसला गेला की संध्याकाळपर्यंत अपार्टमेंटमध्ये मी आणि हीटरचा आवाज. २००३ च्या पानगळीत वरच्या मजल्यावरच्या काकूंनी मला एक काम सुचवलं. त्या विद्यापीठाच्या लायब्ररीत होत्या.

"अगं, ब्राझीलहून एक लेखिका आल्यात वर्षभरासाठी. त्यांच्या पुस्तकाचं इंग्रजी भाषांतर झालंय, पण डोळे फार अधू झालेत. कुणीतरी वाचून दाखवायला हवंय. पगार नाही, म्हणजे व्हिसाचाही प्रश्न नाही. जातेस का?"

मी दुसऱ्याच दिवशी गेले.

कॅम्पसच्या टोकाला विद्यापीठाचं एक जुनं घर होतं. त्यात खालच्या दोन खोल्या त्यांना दिल्या होत्या. दार उघडलं ते एका उंच, काळ्या, साठीच्या बाईंनी. पांढरे केस अगदी बारीक कापलेले. शुक्रवार होता आणि त्यांचे सगळे कपडे पांढरे होते. त्यांच्या गावाकडे शुक्रवारी पांढरंच नेसतात, हे मला नंतर कळलं. मी "मॅडम" म्हटलं तर त्यांनी हात वर करून मला थांबवलं.

"मॅडम मी आयुष्यभर दुसऱ्यांना म्हणत आले. मला नको."

मग मी त्यांना बाई म्हणू लागले. त्यांनी अर्थ विचारला. मी सांगितलं, आमच्याकडे शाळेत शिकवते तिला बाई म्हणतात आणि घरी भांडी घासायला येते तिलाही बाईच म्हणतात. त्या खूप वेळ हसल्या. "मी दोन्ही केलंय," म्हणाल्या. "हेच ठेव."

मग हसू आवरून त्यांनी टेलिफोनकडे बोट दाखवलं. तो उशीखाली दाबून ठेवला होता. "एकच नियम. फोन वाजला तर तू उचलायचा नाही."

आठवड्यातून दोन सकाळी मी जात असे. मी इंग्रजी वाचायची, त्या डोळे मिटून ऐकायच्या. मूळ पोर्तुगीज पुस्तक त्यांच्या मांडीवर बंद असायचं. ते त्यांना पाठ होतं. शब्द खटकला की त्या बोटाने पुस्तकावर टिचकी मारत. भाषांतरकाराने एका ठिकाणी 'मोलकरणीची बेडरूम' असं लिहिलं होतं. "बेडरूम नाही," त्या म्हणाल्या. "खिडकी नव्हती. पाय लांब केले की भिंत लागायची. स्वयंपाकघरामागचं भोक लिही." मी समासात तसं लिहिलं.

पुस्तक त्यांच्या लहानपणाचं होतं. नवव्या वर्षी आईने त्यांना शहरातल्या एका मोठ्या घरी कामाला ठेवलं. त्या घरात आधीपासून एक मुलगी होती, चौदा-पंधरा वर्षांची. तिने बाईंना इस्त्री करायला शिकवलं, आणि घरातल्या मुलांच्या जुन्या वह्यांवरून अक्षरं ओळखायलाही. एका सकाळी ती मुलगी अंगणातल्या विहिरीत सापडली. पाय घसरला, असं घरच्यांनी सांगितलं. आदल्या संध्याकाळी घरातल्या थोरल्या मुलाने तिला कोठीकडे ओढत नेताना बाईंनी पाहिलं होतं. हे सांगायला त्यांनी चाळीसहून अधिक वर्षं घेतली. मधल्या काळात त्यांनी धुणीभांडी केली, रात्रशाळा केली, शिक्षिका झाल्या. पुस्तकात नाव कुणाचंच नव्हतं, पण शहराला घर माहीत होतं. थोरला मुलगा आता तिथला बडा माणूस होता. पोर्तुगीज पुस्तक एका छोट्या प्रकाशकाने काढलं, फारसं कुणी वाचलं नाही, तेव्हा सगळे गप्प होते. ते इंग्रजीत येणार असं कळलं आणि फोन सुरू झाले.

फोन वाजायचा तो मी वाचत असतानाच. उशीखालून दबलेला, दहा-बारा वेळा. मी थांबायची. त्या म्हणायच्या, "वाच."

एकदा वाचता वाचता मालकिणीचं एक वाक्य आलं: 'ही आम्हाला घरच्यासारखीच आहे.' बाईंनी डोळे उघडले.

"तुझ्या माहेरी भांडी कोण घासायचं?"

"आई आणि मी," मी म्हटलं.

ते खोटं होतं. आमच्याकडे मेळघाटातून आणलेली एक मुलगी होती. मी सातवीत होते, ती माझ्याहून लहान. स्वयंपाकघराच्या बोळात झोपायची. आई सगळ्यांना सांगायची, घरच्यासारखीच आहे. एका मे महिन्यात ती गावी गेली, परत आली नाही, आणि का आली नाही हे आमच्या घरात कुणी विचारलं नाही. मीही नाही.

बाईंनी पुन्हा डोळे मिटले. मी पुढचं वाक्य वाचायला घेतलं.

नोव्हेंबरच्या शेवटी बाई अंघोळीला गेल्या असताना फोन वाजायला लागला, आणि थांबेचना. का कोण जाणे, मी उशी बाजूला करून तो उचलला. पुरुषाचा आवाज होता. इंग्रजी स्वच्छ, स्वर अगदी आदबशीर.

"बाईसाहेबांना सांगा, त्यांच्या बहिणीची तब्येत चांगली आहे. आम्ही कालच जाऊन पाहून आलो. एकटीच राहते बिचारी. मागचं दार नीट लागत नाही तिचं."

फोन बंद झाला. मी उशी परत ठेवली. बाई बाहेर आल्या, बसल्या, आणि मी त्यांना काही न सांगता दोन पानं वाचली. तिसऱ्या पानावर त्यांनी टिचकी मारली. "तुझा आवाज बदललाय. कोण होतं?"

मी सांगितलं. त्या उठल्या नाहीत, रडल्या नाहीत. "मागच्या दाराचं म्हणाला?" एवढंच दोनदा विचारलं. मग मला बहिणीचा नंबर लावायला सांगितला. घंटा वाजत राहिली.

संध्याकाळी मी नवऱ्याला सांगितलं, तर त्याने हातातला घास खाली ठेवला.

"तू फोनवर बोललीस? अगं, आपलं ग्रीन कार्डचं फाइल केलंय. हल्ली इथे कोण कुठले कॉल ऐकतं सांगता येत नाही. कशाला नसत्या लफड्यात पडतेस यार? सोड ते काम."

"त्यांना दिसत नाही रे."

"मग दुसरं कुणीतरी मिळेल."

मी दोन खेपा गेले नाही. तिसऱ्या खेपेला गेले, त्याला न सांगता. घराचे पडदे ओढलेले होते. बाई त्याच खुर्चीत, मांडीवर पुस्तक. आठ दिवस बहिणीचा पत्ता नव्हता. शेजारणीने एवढंच सांगितलं होतं, की कौलं फुटली आहेत, दार उघडं आहे, कोंबड्या अंगणात फिरताहेत आणि घरात माणूस नाही.

"मी पहिल्यांदा गप्प बसले, तेव्हा नऊ वर्षांची होते," बाई म्हणाल्या. "आता बोलले तर हे."

नवव्या दिवशी, मी पुन्हा तिथे गेले असतानाच, फोन आला. या वेळी बाईंनी स्वतः उचलला. बहीण होती. घाबरून दूरच्या गावी, मुलीकडे पळाली होती. दोघी पोर्तुगीजमध्ये बोलत होत्या, मला कळत नव्हतं. पण पलीकडचं रडणं खोलीभर ऐकू येत होतं. बाईंनी फोन ठेवला.

"म्हणते, विहिरीचं प्रकरण काढून टाक. बाकी सगळं राहू दे."

"मग?"

"ते प्रकरण वाच."

मी पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचलं. त्यांनी एकदाही टिचकी मारली नाही. संपल्यावर म्हणाल्या, "राहू दे. आणि माझं तिकीट बदलायला काकूंना सांग. मी परत जाते. मी तिथे दिसले तर ते माझ्याकडे बघतील, तिच्याकडे नाही."

विद्यापीठाने समजावलं, काकूंनीही. त्या ऐकणाऱ्यातल्या नव्हत्या. फेब्रुवारीत, बर्फाच्या एका सकाळी, नवऱ्यानेच आम्हाला नेवार्कच्या विमानतळावर नेलं. मी गेल्या दोन महिन्यांचं सगळं त्याला सांगून टाकलं होतं. तो चिडला, दोन दिवस बोलला नाही, आणि मग म्हणाला, मी ड्राइव्ह करतो.

मागच्या सीटवर बाईंशेजारी बसून मी त्यांना मेळघाटातल्या मुलीचं सांगितलं. त्यांनी मान हलवली.

"माहीत होतं. तू सगळीकडे अडखळत वाचायचीस. मालकीण बोलायला लागली की तुला एक शब्द अडायचा नाही."

त्यांच्या आवाजात राग नव्हता. माया होती असंही म्हणवत नाही. त्यांनी माझा हात हातात घेतला नाही. थोड्या वेळाने विचारलं, "नाव काय होतं तिचं?" मी माझ्या आईने तिला ठेवलेलं नाव सांगितलं. "खरं नाव?" ते मला माहीत नव्हतं.

पुस्तक दीड-दोन वर्षांनी आलं. आमच्या टाउनच्या लायब्ररीत एक प्रत होती. उभ्याउभ्या उघडली तर स्वयंपाकघरामागचं भोक जिथल्या तिथे होतं आणि विहीरही. इथे दोन-चार ठिकाणी चांगलं छापून आलं. तिकडे काय झालं ते बाईंच्या पत्रातून कळलं. पत्र भाचीने लिहिलं होतं, बाईंनी सांगितलेलं. त्यांना आता अजिबात दिसत नव्हतं. दोघी बहिणी भाचीच्या घरी राहत होत्या. दुपारी आसपासच्या बायका येऊन अंगणात बसायच्या. कोण कुठल्या घरी कामाला होती ते सांगायच्या, आणि बाई ते सगळं भाचीकडून उतरवून घ्यायच्या. नवं पुस्तक होतं ते. पहिल्यापेक्षा जाड होईल, असं लिहिलं होतं.

पत्राच्या शेवटी चार ओळी होत्या. महिनाभर रोज संध्याकाळी समोर एक गाडी येऊन थांबते, कुणी उतरत नाही, दिवे लागले की निघून जाते. बहीण खिडकी लावून घेते. 'मला तर दिसत नाही, पण इंजिन बंद झाल्याचं ऐकू येतं. मग मी भाचीला जरा मोठ्याने वाचायला सांगते.'

मी लगेच लांबलचक उत्तर पाठवलं. नंतर २००८ पर्यंत आणखी तीन पत्रं टाकली. त्यांतलं एकही परत आलं नाही, आणि उत्तरही आलं नाही.