फक्त हात काढणारा फिल्मवाला

आमच्या सणसवाडीच्या खोलीत भाड्यानं राहून गेलेल्या त्या फिल्मवाल्याइतका माणसांवर जीव टाकणारा आणि माणसांची तोंडं न बघणारा दुसरा प्राणी अख्ख्या पुणे जिल्ह्यात झाला नसेल. कारखान्यांच्या फिल्मा काढणं हा त्याचा धंदा. बाहेरून येणाऱ्या साहेबांना दाखवायला कंपन्या त्या काढून घेत. पण ह्याचा कॅमेरा कामगाराच्या मनगटाच्या वर कधी चढलाच नाही. "काकू, तोंड कॅमेऱ्यापुढं खोटं बोलतं. हातांना ते जमत नाही," म्हणायचा. मी भाकरी थापायला बसले की परातीत डोकं घालायचा. एकदा तव्यावरची करपून कोळसा झाली, तरी म्हणे, "हात चालू ठेवा!" रस्त्यात माणूस भेटला तर आधी त्याचा अंगठा ओळखायचा, मग नाव आठवायचा.

आमचे हे, तो त्यांना आप्पा म्हणायचा, कारखान्यात लेथ मशीनवर होते. त्यांच्या खात्यात शूटिंग ठरलं तेव्हा मी पंचेचाळिशीची होते, अक्कल मात्र सोळाची. ह्यांचे केस काळे केले, मिशी कातरली, गालांना पावडर फासली.

"अगं, मी लेथवर निघालोय का बोहल्यावर?" हे कुरकुरले.

"गप बसा वो, सायबलोक बघणार हायेत!"

कंपनीनं घरच्यांना फिल्म दाखवली, तेव्हा शिक्रापूरच्या दोन्ही नणंदांना घेऊन मी पहिल्या रांगेत. पडद्यावर ह्यांचे हात आले आणि गेले. तोंड नाहीच! महिनाभर त्याला चहा दिला नाही, येता-जाता भांडी आपटली. तो आपला माझ्या आपटणाऱ्या हातांकडेच कौतुकानं बघत बसायचा.

हे गेले, त्याला दोन वर्षं झाली. भिंतीवर फोटो आहे, तोंड रोज दिसतं. हात कुठं दिसत नाहीत. शेवटी फिल्मवाल्याला फोन केला, "मला ती फिल्म पाहिजे रे."

आठ दिवसांनी आला तो रिकामाच. कंपनीनं जुनं खातं पाडलं, तेव्हाच सगळं टाकून दिलेलं.

"आन् तुझ्याजवळची?"

"त्याच टेपवर मी दुसऱ्या कारखान्याचं शूटिंग केलं, काकू." त्याची मान वर होईना.

मग तो उठला, टेबलापाशी उभा राहिला. "आप्पा असे उभे राहायचे." डाव्या हातानं नसलेलं चाक फिरवलं. उजव्या अंगठ्यानं नसलेल्या जॉबची, म्हणजे कातायला लावलेल्या लोखंडाची, कड हळूच चाचपली. ह्यांची करंगळी लहानपणी मोडलेली, ती वाकायची नाही. त्याचीही वाकली नाही. मग बैलाच्या पाठीवर ठेवावा तसा तळवा टेबलावर ठेवला आणि पुढचा जॉब घेतला.

मी खुर्ची ओढून बसले. शिफ्ट इतक्यात सुटू नये, एवढंच वाटत होतं.