शालनताईंची ओटी

अक्षर वेडंवाकडं आहे, ऱ्हस्व-दीर्घही चुकतील. चौथीनंतर शाळा सुटली, तेव्हा सांभाळून घ्यावं. शालनताई जाऊन महिना झाला. त्यांच्या सुनेचा, नेहाचा, फोन आला तेव्हा मी मेथी निवडत होते. ‘काकू, आई गेल्या...’ एवढंच बोलली ती.

आम्ही दोघी विधवा, दोघी मुलांकडे जर्मनीत आलेल्या. आमच्या केल गावाला लागूनच ऱ्हाइन नदी, पलीकडचा काठ फ्रान्सचा. मधे पायी जायचा पूल आहे. रोज संध्याकाळी आम्ही त्याच्या मधोमध जाऊन बसायचो. ताई पाण्याकडे बघून म्हणायच्या, ‘ही बया बघ. एका काठाला सासर, एका काठाला माहेर, पण ऐकते का कुणाचं?’

यंदा संक्रांतीला नेहाकडे हळदीकुंकू झालं. ती बोलवत होती तरी आम्ही दोघी आतल्या खोलीत तिळगुळाच्या पुड्या बांधत बसलो. कुणी बसवलं नव्हतं, सवयच तशी... दुसऱ्या दिवशी पुलावर ताईंनी पिशवीतून नारळ, तांदूळ आणि हिरवा खण काढला. ‘नदीची ओटी भरते.’

मी घाबरले. ‘अहो ताई, पाण्यात काही टाकलं तर दंड करतात इथं!’

‘टाकतंय कोण?’ त्यांनी सगळं नदीला नुसतं दाखवलं आणि माझ्याकडे वळल्या. ‘कोटाची बटणं काढ. पदर पुढं कर.’

‘मला चालत नाही हो...’

‘कुठल्या देशात चालत नाही? इकडच्या की तिकडच्या? आत्ता आपण दोन्हीकडे नाही. घे मुकाट्यानं!’

बारा वर्षांनी माझी ओटी भरली गेली. थंडीनं नाक वाहत होतं म्हणून बरं, रडणं झाकलं.

अंत्यदर्शनाला त्यांना निळी साडी नेसवली होती. नेहा ओटीचं ताट घेऊन उभी होती, पण पुढं होईना. मागून एक बाई म्हणाली, ‘सवाष्ण असत्या तर भरली असती गं.’ नेहानं माझ्याकडे पाहिलं. मी पुढं झाले. त्यांना कुंकू लावलं. कपाळ फार गार होतं... खण ठेवला, तांदूळ घातले. मागं कुजबुज झाली.

‘काकू, नारळ,’ नेहा म्हणाली.

तो घेतला आणि ताईंच्या दोन्ही हातांत नीट बसवला.