वाकलेला माणूस आणि ओली कॉलर

मी भाताच्या गिरणीत हिशेब पाहतो. दोन्ही बाजू जुळल्याशिवाय उठायचं नाही, ही सवय अंगात मुरलेली. माझ्या मेहुण्याला खुनासाठी जन्मठेप झाली, तेव्हाही मी मनातल्या मनात दोन बाजू मांडून पाहिल्या होत्या. एका बाजूला मयताची आई, डोळ्यांनी पाहणारी साक्षीदार. मेहुण्याच्या पायजम्यावर माणसाचं रक्त, असा प्रयोगशाळेचा अहवाल. शिवाय दोघांचं शेताच्या पाण्यावरून जुनं भांडण. दुसऱ्या बाजूला मेहुण्याचं एकच म्हणणं, मी त्या दिवशी वावरात गेलोच नव्हतो. बेरीज सरळ होती.

हायकोर्टातल्या अपिलाच्या सुनावणीसाठी मी त्याच्या बायकोला, म्हणजे वहिनींना, घेऊन जबलपूरला निघालो. गाडीने लालबर्रा गाव मागे टाकलं. मग खिडकीबाहेर पाहत त्या म्हणाल्या, "भाऊजी, हे तिथंच होते."

"कोठं?"

"वावरात, अजून कोठं. तो धुऱ्यावर पडून दिसला. यायनं त्याचं डोकं मांडीवर घेतलं न पानी पाजलं."

धुरा म्हणजे शेताचा बांध. आमच्या भागात पडलेल्या माणसाच्या तोंडात पाणी घालतात. वैरी असला तरी घालतात. तसाच सोडून गेलं तर त्याची तहान आपल्या घराच्या मागे लागते, असं म्हणतात.

"मंग कोर्टात नव्हतो म्हणून काहून सांगितलं?"

"गावच्या शहाण्यायनं पढवलं. हर सवालाले 'झूठ है' म्हण, एकदा हौ म्हटलं का फसला. तुमालेबी तेव्हा तेच पटलं असतं. तुमी त कागदाचे मानूस."

माणसाने स्वतःच सांगितलेलं खोटं आता वरच्या कोर्टात कोण पुसणार, एवढंच डोक्यात फिरत होतं. जबलपूरला आमच्या वकिलांना हे सांगितलं, तेव्हा त्यांनी मान हलवली. "आता नवी गोष्ट सांगता येत नाही. जे रेकॉर्डवर आहे त्यातूनच निघालं तर निघेल."

कोर्टात दोन न्यायमूर्ती होते. त्यातले वयस्कर फार हळू बोलत. इंग्रजी संपून हिंदी सुरू झालं की मी वहिनींच्या कानाशी मराठीत सांगत होतो.

आईची साक्ष वाचली गेली. खळ्यावरून ती आली, उभ्या धानावरून तिला आरोपी दिसला, त्याने मुलावर कुऱ्हाडीचे तीन वार केले. न्यायमूर्तींनी शवविच्छेदनाचा कागद काढला. जखम एकच होती, मानेच्या बाजूला. डॉक्टरने साक्षीत सांगितलं होतं की अशा जखमेतून रक्त उडतं. मग त्यांनी विचारलं, आरोपीच्या अंगावरून त्याच दिवशी सदरा जप्त झाला, त्यावर काय सापडलं? सरकारी वकिलांनी पानं चाळली. सदऱ्यावर काहीच सापडलं नव्हतं. रक्त होतं ते पायजम्यावर, मांडीच्या जागी, एकच मोठा मुरलेला डाग.

"आणि मयताची कॉलर ओली होती, असं डॉक्टर लिहितात. कशाने?"

"साहेब, धानाचं शेत आहे. पाणी असतंच."

न्यायमूर्ती थोडे हसले. "कापणीच्या दिवसांत? पंचनाम्यात त्याच जागेची रक्त नसलेली साधी माती नमुन्याला घेतली आहे. पोलिसांनीच 'सूखी मिट्टी' लिहिलं आहे."

वहिनींनी गाडीत सांगितलेलं त्यांच्यापर्यंत कोणीच पोचवलेलं नव्हतं. तरी ते कोरडी माती, ओली कॉलर आणि मांडीवरचा डाग घेऊन त्याच धुऱ्यापाशी येऊन उभे राहिले होते. मी इतकी वर्षं नगाला नग मिळवत होतो. इथे नग मोजत नव्हते. प्रत्येक गोष्ट दुसरीला टेकते का, ते बघत होते.

सरकारी वकील म्हणाले, आईला खोटं बोलायचं कारण काय?

"आम्ही तिला खोटी म्हणतच नाही," न्यायमूर्ती म्हणाले. "मुलावर वाकलेला माणूस तिने पाहिला. ती पोचण्याआधीचं तिने पाहिलं का, एवढंच विचारतो आहोत."

हे मी मराठीत सांगितलं. वहिनींनी पदर तोंडाला लावला.

निकाल काही आठवड्यांनी मोबाईलवर आला. वहिनींना बोलावून आमच्या घरीच वाचला. आरोपीचा खोटा बचाव सरकारच्या पुराव्यातली फट बुजवू शकत नाही, असं त्यात होतं. संशयाचा फायदा देऊन सुटका.

"म्हंजे घरी येतीन?"

"हौ. कागद जेलात पोचला का सुटतीन."

त्या भिंतीला टेकून बसल्या. मग म्हणाल्या, "पन मारलं कोनं, थे लिवलं का?"

मी पुन्हा पहिल्या पानापासून शेवटपर्यंत पाहिलं. नव्हतं. जेवढं हाती होतं तेवढंच त्यांनी सांगितलं होतं, आणि बाकीची जागा तशीच रिकामी ठेवली होती.

"नाही, वहिनी."

"मंग त्या बुढीले कोन सांगन? तिच्या पोराले मारनारा त कोनीच नाही सापडला."

ती म्हातारी त्यांच्याच गल्लीत राहत होती. मी म्हटलं, गावातला कोणी वडीलधारा सांगेल.

"वडीलधाऱ्यायनं लई सांगतलं," वहिनी उठत म्हणाल्या. "हे घरी याच्या आंधी मीच जातो तिच्याकडं. शिव्या देईन त देईन."