स्वतःचंच नाव घेणारा मल्हारी

मल्हारी गेला हे मला टीव्हीनं सांगितलं, आणि तेही धड सांगितलं नाही. माझी बायको सुधा समोर बसून मेथी निवडत होती. पडद्याखालच्या पट्टीवर त्याचं नाव सरकलं आणि मागोमाग ‘टोळीयुद्धाचा संशय’... अहो, कसलं टोळीयुद्ध! देवगाव रंगारीला स्वतःच्या घरी मेंढरांना पाणी पाजून तो बाजेवर टेकला तो उठलाच नाही. हार्ट अटॅक. चाळिशीसुद्धा नीट उलटली नव्हती. पण हार्ट अटॅकची बातमी कोण बघणार? तासाभरात कुठल्याशा चॅनेलच्या मुलीचा फोन. “सर, ते तुमच्याकडे भाड्यानं राहायचे ना? गुन्हेगारीतले काही किस्से सांगाल?” मी म्हणालो, “बाई, आमच्या घरातलं माणूस गेलंय,” आणि फोन ठेवून दिला. नंतर वाईट वाटलं. तीही पोटासाठीच करते म्हणा.

आता महिना उलटून गेलाय. किस्से माझ्याकडं नाहीत. एक गोष्ट मात्र आहे, आणि खरं सांगायचं तर ती त्याच्यापेक्षा माझी जास्त आहे.

तेव्हा आम्ही बजाजनगरला राहायचो. वाळूजच्या एका कारखान्यात मी स्टोअर सांभाळायचो. आम्हा दोघांना मूलबाळ नाही, म्हणून वरची खोली भाड्यानं द्यायचो. एक दिवस पत्र्याची पेटी आणि घोंगडं घेऊन हा दारात उभा. बाविशीचा, काटक, मेंढपाळाच्या घरातला. म्हणाला, “काका, खोली कशीबी चालंल. खाली माणसं हायेत ना? मला एकल्याला झोप येत नाय.” सुधा हसली आणि तिथंच व्यवहार ठरला. आठवड्याभरात तो आमच्या स्वयंपाकघरात बसून भाकरी थापायला लागला. सुधापेक्षा त्याची भाकरी चांगली फुगायची, हे मी एकदाच बोललो. पुन्हा बोलायची हिंमत केली नाही.

त्याच्या डोळ्यांत एक कसब होतं. आपल्याला शंभर मेंढरं सारखीच दिसतात. त्याला प्रत्येकीचं तोंड वेगळं दिसायचं, प्रत्येकीला नाव. माणसांचंही तसंच. एकदा पाहिलेला चेहरा तो विसरायचाच नाही. सुधाच्या शाळेतला जुना ग्रुप फोटो बघून त्यानं एका परकरातल्या पोरीवर बोट ठेवलं, “ह्या मावशी दिवाळीला आल्या व्हत्या.” बरोबर होतं. मधे तीस वर्षं गेली होती आणि त्या मावशीनं अंगानंही चांगलंच बाळसं धरलं होतं.

या डोळ्यांनीच त्याचा घात केला. त्या भागातल्या बऱ्याच कारखान्यांचं भंगार तेव्हा एकाच माणसाच्या हातून जायचं. त्याला सगळे शेठ म्हणायचे, मीही तेवढंच म्हणतो. आडवा येईल त्याला शेठची पोरं मारायची. शेठनं मल्हारीलाही कामाला ठेवलं, पण त्यानं कधी कुणावर हात उचलला नाही. त्याचं काम फक्त बघण्याचं. गेटसमोरच्या चहाच्या टपरीवर बसायचं, कोण कुणाबरोबर येतं, रविवारी कोण कुणाच्या घरी जातं ते ध्यानात ठेवायचं, आणि शेठनं विचारलं की नाव सांगायचं. “म्या कुणाला बोटबी लावत नाय, काका,” असं तो अगदी मनापासून सांगायचा. मी भडकायचो. “गाढवा, तू नाव सांगतोस म्हणून ते मारतात!” तो मान खाली घालून सुधाला भांडी विसळू लागायचा आणि वर निघून जायचा.

मग माझीच पाळी आली. भंगाराच्या वजनात घोळ होतोय हे माझ्या लक्षात आलं होतं. कारखान्यात बोलायची सोय नव्हती, म्हणून एका रविवारी मी मॅनेजरच्या घरी जाऊन सांगितलं. आठवड्यानं संध्याकाळी कामावरून येताना वळणावर दोघांनी गाडी थांबवली. अदबीनं नाव विचारलं. मी सांगितलं. मग लोखंडी गज, आणि उजवा गुडघा... तो आजही पुरता वाकत नाही.

दवाखान्यात सगळ्यात आधी मल्हारी आला आणि अकरा दिवस हलला नाही. भांडं देणं, अंग पुसणं, दाढी करणं, सगळं त्यानं केलं. पोटचा पोरगाही इतकं करत नाही. पण जगाची तोंडं लक्षात ठेवणाऱ्या या माणसानं अकरा दिवसांत एकदाही माझ्या तोंडाकडं पाहिलं नाही. दाढी करतानासुद्धा नजर गालावर, हनुवटीवर, डोळ्यांवर नाही. पहिल्याच दिवशी मला उमगलं. सुधालाही. ती हळूच म्हणाली, “त्यानंच हो...” मी म्हणालो, “गप्प बस.” पोलिसांनी कुणावर संशय आहे का विचारलं, तेव्हाही नाही म्हणालो.

पुढं त्यानं खोली सोडली. दुसऱ्याच एका प्रकरणात आत जाऊन आला आणि गावी मेंढरांत परतला. तिथं कॉलेजच्या पोरांनी त्याचा व्हिडिओ काढला. तो एकेका मेंढीला नावानं हाक मारतोय आणि तीच तेवढी कळपातून बाहेर येतेय. तो व्हिडिओ गावभर नाही, राज्यभर फिरला. मग त्या कार्यक्रमाचं बोलावणं आलं, डझनभर माणसं एका घरात कोंडून चोवीस तास कॅमेरे लावतात तसला. ‘टोळीतून थेट तुमच्या घरात!’ अशी जाहिरात. जाण्याआधी त्याचा फोन. “काका, जाऊ का?” मी म्हणालो, “जा बाबा. बाहेर राहून तरी काय दिवे लावलेस!”

त्या कार्यक्रमात दर शुक्रवारी प्रत्येकानं उभं राहायचं आणि घराबाहेर काढायच्या माणसाचं नाव घ्यायचं. पहिल्या शुक्रवारी हा उठला, सगळ्यांवरून नजर फिरवली आणि म्हणाला, “मल्हारी.” सूत्रसंचालक हसला, “अहो, स्वतःचं नाव चालत नाही.” हा म्हणाला, “मंग काढा मला. दुसऱ्याचं नाव म्या घेनार नाय.” दुसऱ्या शुक्रवारी तेच. तिसऱ्या शुक्रवारी त्याला दिवसभर जेवण दिलं नाही, तरी तेच. लोक वेडे झाले. काय दिलदार माणूस, काय खेळ खेळतोय! सुधानं शेजाऱ्यांचे फोन मागून आणून मतं टाकली. आमच्या हॉलमध्ये बायका टाळ्या वाजवत होत्या आणि मी आतल्या खोलीत कॉटवर जाऊन बसलो होतो. मला एकट्याला कळत होतं की हा खेळत नाहीये. आठ आठवडे तो माझ्याशी बोलत होता.

बाहेर आल्यावर त्याची हवा झाली. दुकानांच्या फिती, जिमची उद्घाटनं, सेल्फी. मी काही त्याला देवमाणूस ठरवायला बसलेलो नाही. त्याच वर्षी गणपतीत तो शेठच्या स्टेजवर शेठच्या शेजारी हार घालून उभा होता. मी फोनवरून त्याला फाडून खाल्लं. “लाज नाही वाटत?” तो म्हणाला, “त्यांच्यातनं निघता येत नाय, काका. लांब बसता येतं फकस्त. बोलावलं की जावं लागतंय.” आणि शेवटपर्यंत तो जात राहिला. मला ते कधीच पटलं नाही.

निवृत्तीनंतर आम्ही पडेगावला आलो. शहरात काम निघालं की तो हमखास यायचा, कधी शेंगा, कधी मक्याची कणसं घेऊन. गेटवर लोक फोटोसाठी थांबायचे आणि हा आत सुधाला लसूण सोलून द्यायचा. निघायची वेळ झाली की गळा साफ करायचा, “काका, एक बोलायचं व्हतं...” आणि मी दर वेळी तोडायचो. “आधी चहा घे.” “यंदा शेंगा बारीकच दिसतात.” “बस चुकेल तुझी.” सुधा चिडायची. “बोलू द्या की हो त्याला! किती वर्षं असं करणार?”

का करायचो? आधी राग होता. म्हटलं, जळू दे आतल्या आत, माझा गुडघा काय कमी जळतो? पुढं राग कधी गेला ते मलाच कळलं नाही. मग भीती वाटायला लागली. तो बोलला, मी ‘जाऊ दे’ म्हणालो, की त्याचं ओझं उतरलं. मग कशाला येईल आमच्याकडं? टीव्हीवरचा माणूस तो, आम्ही दोन म्हातारी. लोभ होता हो, दुसरं काय! मी त्याला केव्हाच माफ केलं होतं, फक्त सांगितलं नव्हतं. शेवटच्या भेटीत चपला घालता घालता तो म्हणाला, “फुडच्या येळी बोलतोच, काका. आयकावंच लागंल.” मी म्हणालो, “बोल की, मी कुठं पळून चाललोय!”

दहाव्याला आम्ही दोघं गावी गेलो. बसमध्ये मी मनात वाक्यं जुळवत होतो. पिंड ठेवतात, इच्छा मागं राहिली असली की कावळा शिवत नाही, मग एकेक जण हात जोडून गेलेल्याला शब्द देतो. मी ठरवलं होतं, कावळा अडला आणि सगळे बोलून थकले की पुढं व्हायचं. चारचौघांत सांगायचं. दोन कॅमेरेवालेही आले होते, म्हटलं त्यांनीही ऐकावं. नदीकाठी त्याच्या भावानं पिंड ठेवला. तो सरळ उभाही राहिला नव्हता... तेवढ्यात कावळा आला आणि शिवला. सगळ्यांनी सुटकेचा निःश्वास टाकला. त्याची आई पदरानं डोळे पुसत माझ्याकडं वळली. “बघा काका, काय मागं राह्यलं नाय माज्या लेकराचं. सुखानं गेला.”

मी मान डोलावली. राहिलं होतं ते माझं.

मंडळी जेवायला वळली. सुधाला पुढं पाठवून मी एका दगडावर बसलो. कावळा पानावरचा भात खात होता. आजूबाजूला कुणी नव्हतं. मी त्यालाच म्हणालो, “मल्हारी, मला पहिल्या दिवसापासून ठाऊक होतं रे...” मग एकामागोमाग सगळं सांगितलं, रडलोही. माझं बोलून होईपर्यंत तो थांबला, की भात संपेपर्यंत, ते मला सांगता यायचं नाही.